सम रिकामी ठेवायला शिका

वाचकाचं पत्र : मी वसईची, वय २५. सहा वर्षं चर्चच्या क्वायरमध्ये आणि लग्नाच्या बँडमध्ये बेस गिटार वाजवते, दिवसा पतपेढीत नोकरी. वर्षभर मुंबईत एका बँडबरोबर साल्सा पार्ट्याही करते. तिथला कोंगावादक (कोंगा म्हणजे हातांनी वाजवायचा उंच ढोल) सारखा म्हणतो, ‘तुझा बेस जड पडतो, नाचणारे अडखळतात.’ मी तर ठोका कधीच चुकवत नाही. क्यूबन बेसवादक काचाईतो लोपेस यांचं वाजवणं ऐकल्यापासून जुन्या पद्धतीचं क्यूबन बेसवादन शिकायची ओढ लागली आहे. डबल बेससाठी, म्हणजे माणसाएवढ्या उभ्या बेससाठी, दीड लाख साठवले आहेत. घेऊ का? हवानाला जाऊन शिकू का? यावर पोट भरेल का? वडील म्हणतात, एवढं धूड मुलीला झेपणार नाही.

उत्तर :

तुमचा ठोका चुकत नाही, आणि कोंगावादकाची तक्रार नेमकी त्यातूनच आली आहे. लग्नाच्या बँडमध्ये बेसचं काम असतं पहिला ठोका पक्का करणं. तुम्ही तो इमानेइतबारे पक्का करता. क्यूबन सोनमध्ये, म्हणजे साल्साचं मूळ असलेल्या नाचाच्या संगीतात, मात्र तो ठोका बेसने मोकळा सोडायचा असतो. तिथे आघात पडला की नाचणाऱ्यांच्या पायाखालचा झोका थांबतो. त्याला जड म्हणतात ते यामुळे. वाद्य बदलून हे सुटणार नाही, म्हणून दीड लाखांचा प्रश्न जरा बाजूला ठेवू.

तीनतालाच्या सोळा मात्रा धरा. पाश्चात्त्य मोजणीत हे दोन बार, प्रत्येकात आठ अर्धे ठोके. क्लावे, म्हणजे दोन लाकडी दांड्यांवर वाजणारा तो कणा, पडते १, ४, ७, ११ आणि १३ वर. पहिल्या आठांत तीन आघात, दुसऱ्या आठांत दोन, म्हणून ही तीन-दोन क्लावे. बेसचे स्वर पडतात ४, ७, १२ आणि १५ वर. या चालीला तुंबाओ म्हणतात. पहिल्या अर्ध्यात बेसचे दोन्ही आघात क्लावेवर बसतात. दुसऱ्या अर्ध्यात एकही बसत नाही: १२ हा क्लावेच्या ११ आणि १३ मधल्या फटीत येतो आणि १५ येतो क्लावे संपल्यावर. एकच चाल, पण अर्ध्या आवर्तनात क्लावेच्या हातात हात आणि अर्ध्यात तिच्याशी ओढाताण. नाचणाऱ्याला पुढे ढकलतं ते हेच.

१५ वर सुरू झालेला स्वर सम ओलांडून पुढच्या आवर्तनात जातो. समेवर बेसचा आवाज असतो, पण आघात नसतो. आपला कान तिहाई समेवर येऊन पडली की सुखावतो, त्यामुळे मराठी घरात वाढलेल्या वादकाला हे अंगवळणी पडायला वेळ लागतो. तो द्या, घाई करू नका.

आता स्वर कोणते घ्यायचे. ४ वर चालू कॉर्डचा, म्हणजे एकत्र वाजणाऱ्या स्वरांच्या जुडग्याचा, पाचवा स्वर, ७ वर पुढच्या कॉर्डचा मूळ स्वर. सी, एफ, जी, एफ अशा कॉर्डचे चार बार असतील तर तुमचे स्वर येतील: जी-एफ, सी-जी, डी-एफ, सी-सी. शेवटी सी दोनदा येतो, तो येऊ द्या. हवं तर दुसरा सी खालच्या सप्तकात घ्या. अगदी सुरुवातीला, बँड उचलताना, पहिल्या ठोक्यावर एकदा सी वाजवा. त्यानंतर तो ठोका विसरा.

सगळ्यात जास्त गफलत ७ आणि १५ वर होते. तिथे हात सवयीने चालू कॉर्डचाच मूळ स्वर धरतो. पियानोवादकाचा मोंतुनो, म्हणजे पियानोवर पुन्हा पुन्हा येणारी चाल, तोवर पुढच्या कॉर्डवर सरकलेला असतो. मग एक-दीड ठोका दोन कॉर्ड एकमेकांवर घासतात आणि ऐकणाऱ्याला वाटतं बेस मागे पडलाय. लय बरोबर असूनही मागे पडल्यासारखं वाटलं, तर आधी स्वर तपासा.

दुसरी गफलत: ४ वरचा स्वर ३ कडे सरकतो. ही घाई कानाला पटकन कळत नाही, कोंगा ऐकली की कळते. कोंगाच्या नेहमीच्या चालीत ३ आणि ११ वर चापट मारलेला कोरडा बोल असतो, आणि ७-८ व १५-१६ वर दोन उघडे, गोल बोल. तुमचा ७ आणि १५ त्यातल्या पहिल्या उघड्या बोलात इतका मिसळला पाहिजे की दोन वाद्यं वेगळी कळू नयेत. आणि ३ व ११ वरची चापट एकटी, स्वच्छ ऐकू आली पाहिजे. म्हणजे तोवर तुमचा आधीचा स्वर विझलेला हवा आणि पुढचा सुरू झालेला नको. पुढच्या तालमीत कोंगाशेजारी उभ्या राहा आणि फक्त या दोन जागा ऐका. ज्याने तक्रार केली तोच तुमचा या घडीचा सगळ्यात कामाचा गुरू आहे.

स्वर विझणं ही बेस गिटारची खरी अडचण. डबल बेसचा छेडलेला स्वर आपोआप लवकर मावळतो, बेस गिटारचा रेंगाळत राहतो. उपाय स्वस्त आहे. घोडीजवळ तारांखाली स्पंजची बोटभर रुंद पट्टी सरकवा. तारा सपाट गुंडाळीच्या, म्हणजे फ्लॅटवाउंड, लावा. टोनची कळ बरीच खाली आणा. आणि तार घोडीजवळ न छेडता पडद्यांची पट्टी संपते तिथे अंगठ्याच्या मांसल भागाने छेडा. साठवलेल्या पैशातले काही हजार इथेच खर्च करा, कारण त्याने तुमचा निम्मा जडपणा जाईल.

सरावाची सुरुवात वाद्याशिवाय करा. डावा पाय १, ५, ९, १३ वर टेकवा, सोळा मात्रा मोठ्याने मोजा, हाताने क्लावेची टाळी द्या. हे पाच मिनिटं न अडखळता जमलं की आकडे सोडा आणि तोंडाने ४, ७, १२, १५ वर ‘दुम’ म्हणा. पाय, टाळी आणि दुम एकाच वेळी. बहुतेकांची टाळी १२ वर तुटते, दुमच्या मागे हात ओढला जातो म्हणून. तुटली की वेग कमी करा. त्यानंतर बेस घ्या, पण डावा हात तारांवर नुसता टेकवून तारा बंद ठेवा आणि फक्त खटखट वाजवा. स्वर सगळ्यात शेवटी.

मेट्रोनोम मिनिटाला ८० ठोक्यांवर ठेवा. तिथे बसलं की थोडं थोडं वाढवत १६० ते १८० पर्यंत न्या. मग मेट्रोनोमची टिकटिक फक्त १ आणि ९ वर येईल अशी लावा. आता ती तुम्ही गप्प असता तिथेच पडेल. तिच्यावर काहीतरी वाजवावंसं वाटलं, तर जुनी सवय अजून जिवंत आहे असं समजा.

बंद तारांचा सराव आडवळणाचा वाटेल, पण हे वादन मुळात तिथूनच आलं. पूर्व क्यूबात सोन आणि त्याचा भाऊबंद चांगुई वाजवणाऱ्या मंडळींकडे डबल बेस नव्हता. कुणी मातीच्या बुधल्यात फुंकून खालचा सूर काढायचं, कुणी मारिंबुला वाजवायचं. मारिंबुला म्हणजे भोक पाडलेलं लाकडी खोकं, त्यावर धातूच्या मोजक्या पट्ट्या. वादक त्याच खोक्यावर बसतो आणि पायांमधून हात घालून पट्ट्या बोटांनी दाबून सोडतो. इतक्या थोड्या पट्ट्यांत प्रत्येक कॉर्डचा नेमका स्वर मिळणं शक्यच नाही, त्यामुळे सगळा भार आघाताच्या जागेवर. १९२० च्या दशकात हवानातल्या सेक्स्तेतो आबानेरोसारख्या संचांनी मारिंबुलाच्या जागी डबल बेस आणला, तरी जागा त्याच राहिल्या. जुन्या ध्वनिमुद्रिकांत बेस जवळजवळ ढोलासारखा वाजतो तो यामुळे. ग्वांतानामोच्या चांगुईत मारिंबुला आजही ऐकायला मिळते.

सगळ्याच क्यूबन गाण्यांना तुंबाओ लावू नका, हेही सांगायला हवं. बोलेरोत, म्हणजे संथ प्रेमगीतांत, बेस १, ५ आणि ७ वर येतो, म्हणजे तिथे सम वाजवायची. चा-चा-चामध्येही हीच बैठक बऱ्याचदा चालते. दान्सोन या जुन्या नाचाच्या संगीतात तर गजाचं काम लागतं. शिवाय एकदा सुरू झालेली क्लावे गाणं संपेपर्यंत उलटत नाही. काही गाणी दोन-तीन क्लावेत असतात, म्हणजे आघात ३, ५, ९, १२, १५ वर. तुमचा तुंबाओ दोन्हीकडे सारखाच दिसतो, म्हणून फरक पडत नाही असं वाटेल. पडतो. तुम्ही हौसेने एखादी भरणी, म्हणजे चालीबाहेरचे जादा स्वर, टाकता आणि ती क्लावेच्या चुकीच्या बाजूला पडते, तेव्हा सगळा बँड क्षणभर तिरका होतो. सहा महिने भरण्या बंद. एकही नको.

आता ज्यांच्यामुळे हे सगळं सुरू झालं त्या काचाईतोंकडे येऊ, कारण तुमच्या उरलेल्या तिन्ही प्रश्नांची उत्तरं या घराण्यात सापडतात. ओरलांदो ‘काचाईतो’ लोपेस यांचा जन्म १९३३ चा, हवानाचा. घरात बेसवादकांची रांग. कल आधी व्हायोलिनकडे होता, आजोबांच्या आग्रहाने ते बेसकडे वळले. वडील ओरेस्तेस आणि काका इस्राएल ‘काचाओ’ लोपेस, दोघं बासरीवादक आर्कान्यो यांच्या वाद्यवृंदात. ओरेस्तेस यांनी १९३८ मध्ये ‘मांबो’ नावाचं दान्सोन रचलं. त्याच्या शेवटच्या, मोकळ्या सुटलेल्या भागातून पुढे जगभर गाजलेला मांबो फुलला.

काचाओंचं आयुष्य नीट पाहा. जन्म १९१८. लहानपणी बोंगो, मग मूकपटांना साथ, आणि १९३० मध्ये, जेमतेम बारा वर्षांचे असताना, हवाना फिलहार्मोनिकमध्ये डबल बेस. तिथे ते सुमारे तीस वर्षं होते. म्हणजे फिलहार्मोनिकमध्ये गजाने सिम्फनी आणि नाचघरांत दान्सोन, असं दोन्ही बरोबरीने चालू. १९५७ मध्ये त्यांनी हवानातल्या वादकांना रात्रीचे कार्यक्रम आटोपल्यावर स्टुडिओत जमवलं आणि ‘देस्कार्गा’ नावाने ओळखल्या जाणाऱ्या छोट्या, मोकळ्या रचना ध्वनिमुद्रित केल्या. त्यातली प्रत्येक जेमतेम काही मिनिटांची. रोज एक घ्या आणि फक्त बेस ऐका: ते किती कमी वाजवतात आणि तोच तुंबाओ किती वेळ न बदलता धरून ठेवतात. मधूनच गजाने तारांवर आपटून तालवाद्यासारखा आवाज काढतात, तोही ऐका. गजाची तालीम आणि नाचाची जाण एका हातात आली की काय होतं ते तिथे कळतं.

१९६२ मध्ये त्यांनी क्यूबा सोडलं. आधी स्पेन, मग न्यूयॉर्क, लास वेगास, शेवटी मायामी. मायामीत १९८० च्या दशकात हा माणूस लग्नांत आणि बाप्तिस्म्याच्या जेवणांत बेस वाजवत होता. नव्वदच्या दशकात अभिनेता अँडी गार्सिया यांनी पुढाकार घेतला, मैफल झाली, माहितीपट झाला, नवी ध्वनिमुद्रणं झाली आणि १९९५ मध्ये ग्रॅमी मिळालं. तेव्हा ते ७६ वर्षांचे होते. २००८ मध्ये ते गेले. मायामीतल्या त्या लग्नांत त्यांचा हात जराही सैल पडला नव्हता, म्हणूनच पुढची दारं उघडल्यावर ते लगेच उभे राहू शकले. तुमच्या पत्रात लग्नाच्या बँडबद्दल थोडा संकोच जाणवतो. तो सोडून द्या.

काचाईतो हवानातच राहिले. नाचाचे वाद्यवृंद आणि राष्ट्रीय सिम्फनी, दोन्हीकडे वाजवलं. मार्च १९९६ मध्ये हवानाच्या एग्रेम स्टुडिओत ‘बुएना विस्ता सोशल क्लब’ या जगभर गाजलेल्या अल्बमचं ध्वनिमुद्रण झालं तेव्हा ते ६३ वर्षांचे होते. स्वतःच्या नावावरचा अल्बम आला २००१ मध्ये, निधन २००९ मध्ये. म्हणजे जगाला नाव कळायला जवळजवळ पन्नास वर्षांची नोकरीसारखी नियमित वादकी लागली. क्यूबात १९५९ नंतर वादक हा सरकारी संस्थेशी जोडलेला, परीक्षकांपुढे पात्रता सिद्ध केलेला पगारी माणूस होता. पगार तुटपुंजा, पण ठरलेला. मुंबईत तो आधार नाही. म्हणून पतपेढी सोडू नका, निदान दोन वर्षं तरी.

या दोन वर्षांत चाळीसेक गाणी कागद न बघता वाजतील इतकी पक्की करा: निम्मी सोन आणि साल्सा, बाकी बोलेरो व चा-चा-चा. नोटेशन वाचता येत नसेल तर तेही शिका, कारण ऐनवेळी बदली वादक म्हणून बोलावणं येतं ते वाचणाऱ्यालाच. निव्वळ क्यूबन संगीतावर भारतात घर चालेल असं मला वाटत नाही. लग्नं, चर्च, हॉटेलं, स्टुडिओ, शिकवण्या आणि त्यात क्यूबन संगीत हे तुमचं खास अंग, असं मिळून चालू शकतं.

डबल बेस आत्ता घेऊ नका. बेस गिटारच्या तारेची लांबी सुमारे ८६ सेंटिमीटर, तीन-चतुर्थांश मापाच्या डबल बेसची १०४ ते १०६. हा फरक मोठा आहे. बेस गिटारवर चार बोटांत चार पडदे येतात. डबल बेसवर खालच्या भागात पूर्ण पंजाखाली एकच पूर्ण स्वराचं अंतर मावतं, तेही पहिलं, दुसरं आणि चौथं बोट वापरून. तिसरं बोट चौथ्याला नुसता टेकू देतं. पडदे नाहीत, त्यामुळे सूर सर्वस्वी कानावर. शिक्षकाशिवाय सुरुवात केली की अंगठ्याने मान आवळून धरायची खोड लागते आणि काही महिन्यांत मनगट दुखायला लागतं. म्हणून आधी शिक्षक, मग वाद्य. मुंबईत एनसीपीएच्या सिम्फनी ऑर्केस्ट्रा ऑफ इंडियातले बेसवादक, गोव्यात पणजीच्या कला अकादमीचा पाश्चात्त्य संगीत विभाग, इथे चौकशी करा. त्यांना क्यूबन येत नसलं तरी चालेल. तुम्हाला त्यांच्याकडून गज, बोटांची ठेवण आणि सूर हवाय. शक्य असेल तर पहिले सहा महिने त्यांच्याच वाद्यावर किंवा भाड्याच्या वाद्यावर शिका.

त्यानंतरही घ्यावासा वाटला, तर वसईच्या पावसाचा विचार करून घ्या. कोरीव भरीव लाकडाचा बेस सुंदर वाजतो, पण कोकणपट्टीच्या दमट हवेत लाकूड फुगतं, पुढची पाटी वर येते, तारा उंच होतात आणि डिंकाचे सांधे सुटतात. थरांच्या लाकडाचा बेस जास्त सोसतो आणि छेडून वाजवायला त्याचा आवाजही शोभतो. घोडीला उंची कमी-जास्त करायची चाकं असलेली बरी, म्हणजे जुलैत खाली आणि जानेवारीत वर करता येईल. पट्टीच्या टोकाशी जी तार ५-६ मिलिमीटर आणि ई तार ८-९ मिलिमीटर उंच असेल तर नवशिक्याला झेपतं. विकत घेताना बोटाच्या पेरांनी कडेकडेने टकटक करत पूर्ण फेरी मारा. सांधा सुटला असेल तिथे खडखड ऐकू येते. पट्टी डोळ्यासमोर आडवी धरून ती वाकडी नाही ना बघा. तारा बदलताना सगळ्या एकदम सोडू नका, एक काढा, एक चढवा. सगळा ताण गेला की आतली उभी काठी, साउंडपोस्ट, पडू शकते आणि ती बसवायला जाणकारच लागतो.

डब्यातून प्रवास करायचा तर इलेक्ट्रिक अपराइट हा मधला मार्ग आहे: तारेची लांबी डबल बेसएवढी, धड काठीएवढं. न्यूयॉर्कच्या साल्सा बँडांत साठच्या दशकापासून अँपेगचा बेबी बेस याच कारणाने रुजला. आणि बेस गिटारला कमी लेखू नका. १९६९ मध्ये लोस वान वान हा क्यूबन बँड सुरू करणारे हुआन फोर्मेल बेस गिटारच वाजवत, आणि त्यांच्यामुळे क्यूबाचं नाचाचं संगीत बदललं.

वडिलांना सांगा, डबल बेस उचलायचा नसतो, टेकवायचा असतो. तार ओढायला बोटाची ताकद लागत नाही, खांद्यापासून सैल सोडलेल्या हाताचं वजन लागतं. हवानात १९३२ मध्ये कास्त्रो बहिणींनी ‘आनाकाओना’ हा फक्त स्त्रियांचा वाद्यवृंद उभा केला आणि तो परदेशातही वाजला. जिन्यावरून वाद्य चढवायला मात्र दुसरा माणूस लागेलच, तो पुरुष वादकालाही लागतो.

हवानाला जा, पण दोन वर्षांनी, आणि आधी बोलण्यापुरती स्पॅनिश शिकून. तिथले शिक्षक शब्दांपेक्षा गाऊन दाखवतात, पण कोरस काय म्हणतोय हे कळल्याशिवाय गाण्याच्या मोंतुनोत, म्हणजे कोरस आणि गायकाच्या सवाल-जवाबाच्या भागात, कधी शांत राहायचं ते कळत नाही. शाळेच्या प्रवेशामागे लागू नका. महिनाभर राहा, एका बेसवादकाकडे आणि एका कोंगावादकाकडे आळीपाळीने शिका, आणि शेवटचा आठवडा सांतियागोच्या कासा दे ला त्रोवा या संगीतघरासाठी ठेवा. सोन ज्या भागातला, तिथे तो बसून ऐका. सध्या तिथे वीज वारंवार जाते, म्हणून ध्वनिमुद्रणासाठी बॅटरीवर चालणारं यंत्र न्या. पैशांसाठी कार्डावर विसंबू नका, युरो रोख ठेवा. व्हिसाचे त्या वेळचे नियम दूतावासाकडून पक्के करून घ्या. तारा आणि रोझिन, म्हणजे गजाला लावायची राळ, तिथे मिळणं कठीण, तेव्हा स्वतःसाठी एक संच आणि शिक्षकांसाठी एक, असे दोन न्या. रोझिन उन्हात वितळून डबीबाहेर येतं, ते उभं ठेवा आणि कपड्यांपासून लांब, वेगळ्या पिशवीत बांधा.